बिजवरांना प्रवेश नाही

स्कायरिम नावाच्या व्हिडिओ गेममध्ये लग्नाला दोनशे मोहरा लागतात. रिफ्टन नावाच्या शहरात मारा देवीचं देऊळ आहे. तिथला पुजारी मारामल तेवढ्या पैशात एक ताईत विकतो. तो गळ्यात घालायचा आणि हिंडायचं. ज्या कुणाला तुम्ही पसंत असाल ते माणूस ताईत बघून आपणच विषय काढतं, की तुमच्यासारख्याचं अजून कसं जमलं नाही? तुम्ही हो म्हणायचं, त्यानं हो म्हणायचं, पुजाऱ्याला सांगून यायचं. लग्न दुसऱ्या दिवशी. बस्ता नाही, सुपारी फोडणं नाही, मानपानावरून रुसलेले मामा नाहीत. मुहूर्त म्हणाल तर दिवस उगवल्यापासून मावळेपर्यंत कधीही. आमच्या लातूरकडं पत्रिकेत बारा पस्तीस छापलेलं असतं आणि अक्षता पडतात अडीचला, कारण परण्याला निघालेला नवरदेव मारुतीपासून मांडवापर्यंत डीजेला सोडून हलत नाही. मारामल मात्र दिवसभर ताटकळतो. तुम्ही गेलाच नाहीत, तर समोरच्याची समजूत काढून पुन्हा तारीख घ्यायची, एवढंच.

हा खेळ 2011 च्या नोव्हेंबरात आला. मी जरा उशिरानं, नोकरीत स्थिरस्थावर झाल्यावर खेळायला लागलो आणि अजून खेळतो. खरं काम ड्रॅगन मारायचं आहे. पण आमच्या घरात ड्रॅगनचं कुणाला काही पडलेलं नाही. जेवणं झाली की आई माझ्यामागच्या दिवाणावर सुपारी कातरत बसते आणि स्क्रीनवर बाई दिसली रे दिसली की विचारते, "ही कुणाची लेक?"

रिव्हरवुड नावाच्या खेड्यातली कॅमिला तिला पहिल्यांदा आवडली. भावाचं किराणा दुकान आहे, दुकानातला सोन्याचा पंजा चोरीला गेलाय, तो डोंगरातल्या थडग्यातून आणून दिला की ही लग्नाला तयार होते, असं मी सांगितलं. गावातले दोघं आधीपासून तिच्या मागं आहेत हे मुद्दाम सांगितलं नाही.

"दुकान भावाच्या नावावर हाय का बापाच्या?"

"बाप दाखवला नाही गं."

"भावजय?"

"ती पण नाही."

"मग आधी त्या भावाचं उरका म्हनाव. घरात बाईमानूस न्हाई, बहिनीला कोन पाठवील?"

खेळ बनवणाऱ्यांच्या डोक्यात हे कधी आलं नसणार. त्यांच्याकडं हा भाऊ, ल्यूकन, जन्मभर बिनलग्नाचा गल्ल्यावर उभा आहे.

सोयरीक जुळायला एकच अट असते, आधी त्या माणसाचं काहीतरी काम करून द्यायचं. इसोल्डाला मॅमथचा सुळा आणून द्यावा लागतो. उथगर्ड नावाची दणकट बाई तर शंभर मोहरांची पैज लावून आधी मुक्क्यांनी मारामारी करते, हरली की मग लग्नाला राजी. आमच्याकडं मारामारी वरातीत होते आणि तिच्यात नवरीला घेत नाहीत. जात, वंश, बाई-पुरुष, काहीही आडवं येत नाही. बाईनं बाईशी करावं, एल्फनं माणसाशी करावं. विंडहेल्मच्या बंदरावर शाहवी नावाची आर्गोनियन आहे, म्हणजे अंगावर खवले आणि मागं शेपूट, तिच्याशीही होतं. देऊळ तेच, पुजारी तोच. आमच्या व्हॉट्सअॅपच्या वधू-वर ग्रुपवरचे बायोडाटे रोज वाचणाऱ्या माणसाला हे पचायला वेळ लागतो. तिथं 'मामाकुळ' आणि 'अपेक्षा' यांच्या मधे मुलीच्या एमएस्सीला जेमतेम एक ओळ मिळते.

लिडिया मात्र आईला मनापासून पटली. ड्रॅगन मारल्यावर व्हाइटरनचा जहागीरदार ही शिलेदार तुमच्या दिमतीला देतो. ती तुमच्या मागून चालते आणि तुम्ही लुटून आणलेलं लोखंड, भांडी, कातडी सगळं वाहते. "ही चांगली हाय. वझं उचलती," आई म्हणाली. बायको तिथंच कपड्यांच्या घड्या घालत होती. ती म्हणाली, "वझं उचलणारी सगळ्यांनाच चांगली वाटते."

लग्नानंतरची व्यवस्था तर बघण्यासारखी आहे. जोडीदार तुमच्या घरी राहायला येतो, तिथंच दुकान टाकतो, रोजच्या कमाईतले शंभर मोहरा तुमच्या हातावर ठेवतो आणि दिवसातून एकदा काहीतरी रांधून देतो. त्याच घरात झोपलात तर पुढचे आठ तास तुम्ही कुठलीही विद्या 15 टक्के लवकर शिकता. हे ऐकून बायकोनं विचारलं, "हा गेम गड्यांनीच केलाय ना?" मी म्हणालो, "तसं नाही. बाई होऊन खेळलीस आणि नवरा केलास तर तोही हेच करतो. रांधतो, दुकान बघतो, पैसे देतो." ती घडी घालायची थांबली. "मग मला शिकव."

इथपर्यंत सगळं सोपं. गोची पुढं आहे. या जगात घटस्फोट नाही. आणि जोडीदार मेला तरी दुसरं लग्न नाही. एकदा मारामलच्या देवळातून जोडीनं बाहेर पडलात की तुमचा कोटा संपला. पुन्हा ताईत घालून फिरा, कुणी विचारत नाही. बरं, जोडीदार मरायची सोय भरपूर. गावावर ड्रॅगन उतरतो. 2012 च्या डॉनगार्ड या पुरवणीनंतर रात्री-अपरात्री रक्तपिपासूही येऊ लागले. सोबत लढायला नेलेल्या बायकोला खुद्द नवऱ्याचा बाण लागतो. माझ्या भाच्यानं गुहेत कोळ्यांवर आग फेकली, त्यात लिडिया गेली. त्याला त्यातलं दुःख कळलं ते सगळं सामान तिच्याकडं होतं म्हणून.

कॉम्प्युटरवर खेळणाऱ्यांनी यावर तोड काढली आहे. कीबोर्डाच्या कोपऱ्यातलं एक बटण दाबलं की आज्ञा लिहायची पट्टी उघडते. मेलेल्या बायकोवर टिचकी मारायची, 'रिसरेक्ट' एवढा एक शब्द टाइप करायचा, की ती उठून चालू लागते. सावित्रीला त्यासाठी यमाच्या मागं जंगलातून चालत जावं लागलं, वर वाद घालावा लागला. परळीची माणसं ती गोष्ट आपल्याच डोंगरावर घडली असं सांगतात, त्यांना हे दाखवायला पाहिजे. ज्यांना उठवायचं नसतं, दुसरीच करायची असते, ते आज्ञा लिहून पहिल्या लग्नाची नोंद पुसतात. खेळाच्या लेखी ते पुन्हा कुवार.

मला यात गंमत वाटते ती आमच्याकडच्या उलट्या हिशेबाची. आमच्याकडं पहिल्या लग्नाला हजार अटी. बिजवराला मात्र वाट मोकळी. माझ्या लहानपणी गावात बाई गेली, की तेराव्यापर्यंत लोक दबून बोलायचे आणि चौदाव्या दिवसापासून 'लेकरांचं कसं व्हायचं' हा विषय निघायचा. लेकरांचं होण्यासाठी वर्षाच्या आत कुणाची तरी गरिबाघरची पोर दुसरेपणावर यायची. गडी गेला तर त्याचीही लेकरं तेवढीच असायची, पण त्यांचं कसं व्हायचं हे कुणाला सुचायचं नाही. त्यांची माय रोजंदारीला जायची.

बाईचं दुसरं लग्न अगदीच नव्हतं असं नाही. कष्टकरी जातींमध्ये पाट लावायची चाल होतीच. इंग्रजी मुलखात विधवेच्या लग्नाचा कायदा 1856 ला झाला, तेव्हा आपण निजामाकडं होतो आणि 17 सप्टेंबर 1948 पर्यंत तिकडंच राहिलो, पण पाटाला कायद्याची गरज पडली नव्हती. तो व्हायचा मात्र रात्री, अंधारात, वाजंत्रीशिवाय, सवाष्णींची नजर चुकवून. आणि नवऱ्याचं पहिलंच लग्न असेल तर त्याचं आधी रुईच्या झाडाशी लग्न लावत. पहिलं लग्न झाडाबरोबर, म्हणजे विधवेशी होणारं दुसरं. तीच रुई तिसऱ्या लग्नालाही उपयोगी पडायची. तिसरं लग्न अशुभ, म्हणून ते झाडाशी उरकायचं आणि बाईला चौथीत धरायचं. नियम मोडायचा नाही, त्याची मोजणी फिरवायची. स्कायरिमच्या आज्ञापट्टीत पोरं जे करतात ते आपल्या भटजींनी रुईच्या बुंध्याला दोरा गुंडाळून कधीच केलेलं आहे.

एक मात्र आहे. स्कायरिमचा नियम जाचक असला तरी दोघांना सारखा जाचक आहे. विधुराला वाट नाही, विधवेलाही नाही. कपाळ, बांगड्या, हळदीकुंकवाचं आमंत्रण, असलं काही तिथं कुणी कुणाचं तपासत नाही. हाताखाली दोन अनाथ लेकरं दत्तक घ्यायची सोय 2012 च्याच हार्थफायर नावाच्या पुरवणीत आहे, तीही एकट्या माणसाला मिळतात. आईला हे आवडलं नाही. "एकट्याला लेकरं देतेत, बायकू देत न्हाईत? इपरीतच हाय."

दुसऱ्या लग्नाची रीतसर सोय बघायची तर स्टारड्यू व्हॅलीत जावं लागतं. शेतीचा खेळ, 2016 च्या फेब्रुवारीत आलेला, एकट्या एरिक बॅरोन यांनी बनवलेला. तिथं ताइताऐवजी जलपरीचं लॉकेट असतं, किंमत पाच हजार. ते विकणारा म्हातारा खलाशी समुद्रकिनारी फक्त पाऊस पडत असेल त्याच दिवशी येतो. आता मला सांगा, ही अट लातूरच्या पोरांना परवडेल? खेळ बाजारात आला त्याच वर्षी एप्रिलात आमच्याकडं मिरजेहून रेल्वेनं पाणी येत होतं, जलदूत म्हणत त्या गाडीला. त्या खलाशाची वाट बघत बसलो असतो तर सगळी पिढी बिनलग्नाची राहिली असती. तशी ती आताही राहायलीच आहे म्हणा. शेती करणाऱ्याला पोरगी देत नाहीत, आणि या खेळात मात्र गावातल्या लग्नाच्या बाराच्या बारा उमेदवारांना शेतकरीच चालतो.

स्टारड्यूत सोडचिठ्ठीही आहे. सरपंचाच्या घरी एक वही ठेवलेली असते, तिच्यात नोंद करायची, पन्नास हजार भरायचे, सकाळी जोडीदार घरात नसतो. लेकरं तुमच्याकडंच राहतात. कोर्टाच्या तारखा, पोटगी, दोन्हीकडचे दहा-दहा माणसं बसवून घेतलेली बैठक, काही नाही. "पन्नास हजारात फारकत? सस्ती हाय की," आईचा शेरा. सोडलेलं माणूस मात्र त्याच गावात राहतं आणि तुमची भेटवस्तू हातात घेत नाही. तेही नको असेल तर चेटकिणीच्या झोपडीत एक काळी वेदी आहे, तिच्यावर तीस हजार वाहिले की तुम्ही नवरा-बायको होतात हेच समोरच्याच्या डोक्यातून जातं. मग हवं तर पहिल्यापासून सुरुवात, त्याच माणसाशी. माझ्या मते हे स्कायरिमपेक्षा क्रूर आहे. रुईचं झाड निदान कुणाची आठवण पुसत नव्हतं.

मला विचाराल तर दोन्ही खेळांत एक पात्र कमी आहे, मध्यस्थ. आमच्याकडचा कुठलाही अनुभवी मध्यस्थ, पांढरी टोपी, खिशात चार बायोडाटे आणि बडीशेपेची पुडी, रिफ्टनच्या देवळासमोर नेऊन बसवा. तो आधी मारामलशी चहा पिईल. मग म्हणेल, बाबा, ड्रॅगननं नेलेल्या बाईचा नवरा तिकडं व्हाइटरनला एकटा हाय, इकडं विंडहेल्मला लढाईत गडी गेलेली बाई हाय, लेकरू एकच, स्वभावानं गरीब. तुमचा नियम राहू द्या बाजूला, दहा माणसांत उरकून टाकू. आणि ल्यूकनचं पण बघतो, दुकान चांगलं चाललंय त्याचं.