गुडघा

ठाणे, शनिवार, ६ सप्टेंबर २०२५

आज अनंत चतुर्दशी. आमचा गणपती दीड दिवसाचा असल्याने घर केव्हाच शांत झाले आहे, मात्र गोखले रस्त्यावरून ढोल-ताशांचा आवाज दुपारपासून थांबलेला नाही. सराव बंद म्हणून भाचा वाशीहून आला आणि रॅकेटची जुनी, काळवंडलेली ग्रिप सोलत मला विचारू लागला, "मामा, युकी भांबरी ज्युनिअर चॅम्पियन होता ना? मग सिंगल्स का नाही खेळत?"

परवा अमेरिकन ओपनच्या दुहेरीत हा भारतीय टेनिसपटू मायकल व्हीनसला जोडीला घेऊन उपांत्य फेरीत हरला, पहिला सेट जिंकून. तेहतिसाव्या वर्षी त्याची ही पहिलीच ग्रँड स्लॅम उपांत्य फेरी. जानेवारी २००९ मध्ये, अवघ्या सोळाव्या वर्षी, त्याने ऑस्ट्रेलियन ओपनचे मुलांचे विजेतेपद ६-३, ६-१ असे सहज जिंकले होते आणि ज्युनिअर क्रमवारीत तो जगात पहिला होता. तेव्हापासून त्याचे प्रत्येक वर्ष आपण त्याच करंडकाशेजारी ठेवून मोजत आलो, हे मला अन्यायाचे वाटते. ज्युनिअर गटात प्रतिस्पर्धी अठरा वर्षांपर्यंतचे असतात. पुढे व्यावसायिक टेनिसच्या दुसऱ्या फळीतल्या चॅलेंजर स्पर्धांमध्ये गाठ पडते ती पोटासाठी खेळणाऱ्या तिशीतल्या माणसांशी. तरीही २०१७ मध्ये त्याने वॉशिंग्टनला फ्रान्सच्या नावाजलेल्या गाएल मोंफीसला हरवले, त्याच वर्षी पुण्यात बालेवाडीची चॅलेंजर स्पर्धा जिंकली आणि एप्रिल २०१८ मध्ये एकेरीत ८३वा क्रमांक गाठला. सूर सापडला होता. नेमका तेव्हाच गुडघा गेला आणि दोनेक वर्षे तो कोर्टाबाहेर राहिला. परतल्यावर काही काळाने एकेरी सोडून दुहेरी धरली, कारण तिथे निम्मेच कोर्ट सांभाळायचे असते. याला माघार म्हणणाऱ्यांनी दुखऱ्या गुडघ्यावर पाच सेट खेळून पाहावे. (मी स्वतः जिल्हा पातळीपुढे गेलो नाही, माझ्या मताची किंमत तेवढीच.)

हे सारे ऐकताना भाच्याचा हात थांबला होता. नवी ग्रिप अर्धीच गुंडाळलेली. मग त्याने खाली पाहत विचारले, "किती दिवस दुखलं तर सरांना सांगायचं?"

पंधरा दिवसांपासून उजवा गुडघा दुखतो आहे आणि पुढच्या आठवड्यातल्या स्पर्धेतून नाव निघेल या भीतीने त्याने ते सर्वांपासून लपवले होते. मी लगेच ताईला फोन लावला, पण तिच्याकडे मिरवणूक अगदी दाराशी आलेली. तिला माझे काही ऐकूच येईना.