अंगणावर ताणलेलं कापड

सत्यजित राय यांचे छायाचित्रकार सुब्रत मित्रांचं नाव निघालं की 'बाउन्स लाइट त्यांनी आणला' एवढं सांगून लोक मोकळे होतात. पण पांढऱ्या कापडावर दिवा मारून परतलेला उजेड वापरणं हे काही कसब नव्हे. कसब आहे ते कापड केवढं आणि कुठे ताणायचं, यात.

राय यांच्या 'अपराजितो'मधलं (1956) हरिहरचं काशीतलं घर स्टुडिओत उभारलेलं आहे. पावसाच्या धास्तीने कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्तांना सेट आतच हवा होता. मित्रांचा विरोध होता, आणि तो रास्तच. भिंतींनी वेढलेल्या चौकात वरून आभाळाचा उजेड झिरपतो, सावली धड पडतच नाही. स्टुडिओतले दिवे मात्र थेट माणसावर रोखायचा रिवाज. दोन दिवे लावले की भिंतीवर दोन सावल्या. शेवटी मित्रांनी चौकावर पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्यावर उलटे मारले.

हे करताना हात पोळतात ते इथे. दिवा कापडाच्या फार जवळ ठेवला, तर मधोमध एक झगझगीत ठिपका पडतो. मग तो ठिपकाच दिवा होतो, बाकीचं कापड वाया, आणि सावल्या परत येतात. दिवा मागे घेऊन सगळं कापड सारखं उजळलं पाहिजे. कापड दुप्पट उंच नेलं, तर माणसाला ते निम्मंच दिसतं. सावलीची कड पुन्हा धारदार होते. उजेड तर दोन-तीन स्टॉप सहज खातो (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा), म्हणजे अ‍ॅपर्चर, भिंगाचं तोंड, जास्त उघडावं लागतं; मग फोकसची खोली कमी होते, आणि फोकसवाल्याची परीक्षा.

सगळा उजेड डोक्यावरूनच आला, तर डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात. फ्रेमच्या खाली एक पांढरी चादर अंथरली की त्या उघडतात. ओसरीच्या कडेला काळं कापड लावायला बहुतेक जण विसरतात, आणि तिथेच सगळं सपाट होतं: ओसरी चौकापेक्षा अंधारी राहिली, तरच तो चौक वाटतो. रंगीत चित्रणात कापडाचा पिवळटपणा थेट चेहऱ्यावर उतरतो. कृष्णधवलमध्ये ती कटकट नव्हती.

ही नजर कॅमेऱ्यावर काम करून आलेली नव्हती. झाँ रेन्वारचं 'द रिव्हर' बंगालमध्ये चित्रित होत असताना मित्रा नुसते बघायला जायचे आणि वहीत दिवे, कॅमेरा, नटांच्या हालचाली यांच्या आकृत्या काढायचे. लाइटची कंटिन्युइटी, म्हणजे एका शॉटमधला उजेड पुढच्याशी जुळतो का, हे ताडून पाहायला एकदा त्या चित्रपटाचे छायाचित्रकार क्लोद रेन्वारनी तीच वही मागितली. 'पथेर पांचाली'ला हात घातला तेव्हा मित्रा एकवीस वर्षांचे होते, आणि चित्रपटाचा कॅमेरा त्यांनी त्याआधी कधी चालवलाच नव्हता.