सणालाही नेसता येईल अशी रोजची साडी

साड्यांच्या दुकानात शिरताच "रोजच्यासाठी दाखवू की सणासाठी?" असे विचारले जाते आणि आपणही फारसा विचार न करता दोहोंपैकी एक उत्तर देऊन टाकतो. पैसे बेताचे असतील तर ही विभागणीच मान्य करू नये, असे माझे मत आहे. सणासाठी म्हणून घेतलेली साडी वर्षातून एकदोनदा बाहेर निघते आणि उरलेला काळ कपाटात पडून राहते; रोजची म्हणून घेतलेली साडी इतकी हलकी असते की वर्षा-दोन वर्षांत तिचा रंग विटतो आणि काठ आक्रसतो. दोन्हीकडे थोडेथोडे पैसे घालून दोन्हीकडे मन मारण्यापेक्षा १,००० ते ३,००० रुपयांच्या दरम्यानची एकच साडी अशी निवडावी, की जिची घडी गौरींच्या किंवा पाडव्याच्या दिवशी मोडता येईल आणि पुढे तीच कचेरीत, शाळेत, बँकेत निःसंकोच नेसता येईल. आपल्या आज्यांनी लुगडी अशीच वापरली: आधी सणाला, मग येण्याजाण्याला, नंतर घरात आणि अखेरीस गोधडीत.

अशा साडीचे सारे मर्म काठात असते. अंग एकरंगी किंवा बारीक चौकडीचे आणि काठ व पदर मात्र ठसठशीत, ही रचना दोन्ही कामांना पुरते. कारण गजरा आणि दागिन्यांच्या जोडीने काठ उठून दिसतो, तर साध्या ब्लाउजबरोबर तीच साडी सौम्य वाटते. याउलट अंगभर टिकल्या, खडे किंवा चिकटवलेली नक्षी असलेली साडी पहिल्या दिवशी झगमगते खरी, पण ती रोज नेसता येत नाही, नीट धुता येत नाही आणि टिकल्या गळू लागल्या की सणालाही नेसवत नाही.

या कसोटीवर मला सर्वांत वरची वाटते ती इरकल. कर्नाटकातील बागलकोट जिल्ह्यातल्या इलकल गावाची ही साडी महाराष्ट्रात इतकी रुळली आहे की ती परप्रांतातली आहे हे लक्षातही राहत नाही. तिच्या अंगाचा ताणा, म्हणजे लांबीचे उभे धागे, सुती असतो, तर पदराचा ताणा रेशमाचा किंवा कृत्रिम रेशमाचा असतो, आणि हे दोन ताणे एकमेकांत फासे अडकवून जोडलेले असतात. ही जोडणी करायची तर ताणा एका वेळी एकाच साडीपुरता तयार करावा लागतो. म्हणूनच तांबड्या-पांढऱ्या पट्ट्यांचा तो टोपपदर अंगापासून वेगळा चमकतो, आणि बाकीची साडी मात्र उन्हाळ्यात अंगाला गार लागते. सुती अंग आणि कृत्रिम रेशमाचा पदर असलेली इरकल साधारण दीड-दोन हजारांच्या आसपास मिळते. शुद्ध रेशमाच्या पदराची अर्थातच महाग पडते. खरेदी करताना अंग आणि पदर जिथे मिळतात ती आडवी रेघ बोटांनी चाचपावी. तिथे फाश्यांचा बारीक उंचवटा हाताला लागत नसेल, तर ती इरकलीच्या नक्षीची, पण एकाच ताण्यावर विणलेली साडी आहे असे समजावे. ती वाईटच असेल असे नाही. मात्र तिचे दाम इरकलीचे देऊ नये.

इरकलीखालोखाल तेलंगणातील नारायणपेठ आणि आंध्रातील मंगळगिरी. चौकडीचे अंग आणि देवळाच्या कळसासारखे टोकदार नक्षीचे काठ ही सुती नारायणपेठेची ओळख, आणि ती हळदीकुंकवाला अगदी शोभते. मंगळगिरीच्या अंगावर नक्षी जवळजवळ नसतेच, सगळी शोभा जरीच्या काठाची. वीण घट्ट असल्यामुळे कडक इस्त्री केल्यावर तिच्या निऱ्या दिवसभर जागच्या हलत नाहीत. बंगालची तांत साडी वजनाला हलकी आणि किमतीला आणखी कमी असते, पण तिचा रुबाब खळीवर अवलंबून असतो. घरी खळ घालण्याची तयारी नसेल तर दोन धुण्यांनंतर ती निस्तेज दिसू लागते. महेश्वरीचा मोह मलाही होतो, कारण रेशमी ताणा आणि सुती बाणा (आडवे धागे) यांमुळे तिला तलमपणा आणि चमक दोन्ही मिळतात, परंतु हातमागावरची खरी महेश्वरी या रकमेत क्वचितच बसते.

आता सेमी पैठणीविषयी, म्हणजे पैठणीच्या यंत्रमागावरच्या नकलेविषयी, कारण कमी पैशांत सणाची साडी म्हटले की बहुतेकींची पावले तिकडेच वळतात. हातमागावरच्या पैठणीत पदरावरचे मोर, पोपट आणि वेली निरनिराळ्या रंगांचे धागे हातांनी गुंफून विणलेल्या असतात. त्यामुळे मागच्या बाजूने पाहिले तरी नक्षी जवळजवळ तशीच दिसते. त्या कामाला लागणारे दिवस पाहता ती हजार-दोन हजारांत मिळणे शक्यच नाही. यंत्रमागावरच्या सेमी पैठणीचा पदर उलटा करून पाहिला की मागे सुटे धागे लोंबताना किंवा कापलेले दिसतात, आणि हे धागे बांगडीत व जोडव्यात अडकतात. तिची खरी उणीव तिच्या नकली असण्यात नाही. उणीव ही, की ती सणाची साडी म्हणून बेतलेली असल्यामुळे रोज नेसली जात नाही आणि सणालाही दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी फिकी वाटू लागते. तेवढ्याच पैशांत येणारी चांगली सुती नारायणपेठ मात्र आपल्या जातीतली अस्सल वस्तू असते, आणि तिला कोणाशी बरोबरी करावी लागत नाही.

जरीचेही असेच. खऱ्या जरीत रेशमाच्या धाग्यावर चांदीची तार गुंडाळून तिला सोन्याचा मुलामा दिलेला असतो. ती आपल्या चर्चेच्या किमतीत येतच नाही. त्याखालची टेस्टेड जर तांब्याच्या तारेची असते, आणि घाम, ओल किंवा अत्तर लागले की काळवंडते. सर्वांत स्वस्त जर ही धातूचा थर दिलेल्या प्लॅस्टिकच्या पातळ पट्टीची असते. ती काळी पडत नाही, त्यामुळे वारंवार धुण्याला उलट बरी, पण गरम इस्त्री लागली की आकसते आणि काठाला चुण्या पडतात. रोजही नेसायच्या साडीला म्हणूनच जरीपेक्षा रंगीत धाग्याचा काठ मी अधिक पसंत करते. तो काळवंडतही नाही आणि इस्त्रीने आकसतही नाही.

लेबलावरच्या नावांनी फारसे भुलू नये. सॉफ्ट सिल्क, लिची सिल्क, आर्ट सिल्क ही व्यापारातली नावे आहेत. या किमतीत त्यांत रेशमाचा धागा बहुधा नसतो, पॉलिस्टर किंवा व्हिस्कोस असते. शुद्ध रेशमासाठी सिल्क मार्कची आणि हातमागासाठी हँडलूम मार्कची खूण असते, ती पाहावी. शंका असल्यास पदराच्या दशीतला एक धागा मागून घरी जाळून पाहावा: सूत कागदासारखे जळून मऊ राख होते, रेशमाला केस जळल्याचा वास येतो आणि राख चिमटीत चुरडते, पॉलिस्टर मात्र वितळून त्याची कडक गोळी होते.

दुकानात साडी पूर्ण उलगडायला सांगण्याचा संकोच करू नये. साडेपाच मीटर साडी आणि सुमारे ८० सेंटीमीटरचा ब्लाउजपीस मिळून लांबी ६.३ मीटर भरायला हवी. स्वस्त साड्यांत अनेकदा इथेच हात आखडलेला असतो आणि मग पदर आखूड तरी होतो किंवा निऱ्या तीनच पडतात. उंच बाईने पन्हाही मापून घ्यावा. काठ अंगापेक्षा ताठ असून कडेला लाटा पडत असतील, तर पहिल्या धुण्यानंतर त्या वाढतील. कापड उजेडासमोर धरून विणीत पातळ पट्टे दिसतात का, हेही पाहावे, आणि रंग दिवसाच्या उजेडात पाहिल्याशिवाय पैसे देऊ नयेत, कारण दुकानातल्या पिवळ्या दिव्याखाली प्रत्येक जांभळी साडी वांगी रंगाची दिसते. ऑनलाइन खरेदीत हे काहीच करता येत नाही. तिथे निदान उलट्या बाजूचे छायाचित्र आणि परतीची सोय यांवाचून पुढे जाऊ नये.

पॉलिस्टरचा मी सरसकट धिक्कार करत नाही. मुंबईच्या पावसात लोकलने जाणाऱ्या बाईला भिजून अर्ध्या तासात वाळणारी साडी लागते, आणि ते काम सुताने होत नाही. पण नवरात्रात दर दिवशी वेगळा रंग हवा म्हणून तीनतीनशे रुपयांच्या नऊ साड्या घेणे मला पटत नाही. तेवढ्या रकमेत एक उत्तम इरकल आणि वर ब्लाउजची शिलाई निघते.

शिलाईचा उल्लेख मुद्दाम केला, कारण साडीची किंमत लेबलावर संपत नाही. फॉल-पिको, अस्तर, शिवणावळ आणि ड्रायक्लीनिंग यांची बेरीज कित्येकदा साडीच्या दामाला गाठते. त्यासाठी घरी धुता येणारीच साडी घ्यावी, आणि प्रत्येक साडीला नवा ब्लाउज शिवण्याऐवजी मरून, काळा आणि मोतिया असे तीन खणाचे किंवा सुती ब्लाउज उत्तम शिवून घ्यावेत. वर सांगितलेल्या बहुतेक साड्या त्यांतल्या एकावर तरी जुळतात. फॉल लावण्यापूर्वी सुती साडी आणि फॉल दोन्ही साध्या पाण्यातून काढून वाळवावीत, म्हणजे दोन्ही आधीच आटतात आणि काठाला नंतर झोळ पडत नाही. गडद तांबड्या किंवा जांभळ्या काठाची साडी पहिल्या काही वेळा एकटीच, थंड पाण्यात, भिजत न ठेवता धुवावी आणि सावलीत उलटी वाळत घालावी. असा काठ पांढऱ्या किंवा फिक्या अंगावर असेल तर घेण्याआधी त्याच्या कोपऱ्यावर ओला पांढरा रुमाल घासून पाहावा, आणि रुमालाला रंग लागला तर साडी कितीही आवडली असली तरी दुसरी मागावी.