वरीचे वडे आणि घाटावरचा बटाटा

आषाढी एकादशीचा उरलेला वरीचा भात द्वादशीच्या दुपारी पातेल्यात तसाच पडून होता. कांदेनवमीला घरातला कांदा भज्यांत संपलेला, चातुर्मास बसलेला, बाहेर पावसाची संततधार आणि भाजीवाला येण्याची आशा नाही. अशा वेळी उरलेल्या वरीचे आणि टोपलीतल्या बटाट्याचे काय होते, हे निराळे सांगायला नको. भात कुस्करताना मात्र जाणवले की आदल्या दिवशी एकमेकांना चिकटून बसलेले दाणे रात्रीतून आखडून सुटे झाले आहेत. वड्याला हाच भात हवा. ताज्या भाताचा वडा आतून गिच्च होतो आणि वर तेलही पितो.

प्रमाणाच्या बाबतीत मी हट्टी आहे. दोन वाट्या भाताला एक मध्यम बटाटा पुरे. बटाट्याने दाणे धरून ठेवावेत आणि पुढे गप्प बसावे. तो सालीसकट उकडावा, म्हणजे पाणी पीत नाही. गरम असतानाच सोलून किसावा आणि नंतर फार मळू नये, कारण मळताना त्यातले पिष्ट मोकळे होते आणि गोळा डिंकासारखा चिकट होतो. शीतगृहातून आलेला बटाटा आणखी फसवा असतो. थंडीत त्याच्यातल्या पिष्टाची साखर होत जाते आणि असा वडा आत नीट तापण्याआधीच बाहेरून काळवंडतो. बाकी मिरची, जिरे, दाण्याचे कूट आणि मीठ. कोथिंबीर उपवासाला चालते की नाही, हा वाद एकादशीबरोबर संपलेला असल्यामुळे द्वादशीला ती मूठभर घालता येते, हेही एक सुख.

आमची आजी हे वडे केळीच्या पानाच्या तुकड्यावर थापत असे. पानाला पाण्याचा हात लावायचा, गोळा ठेवायचा, चार बोटांनी दाबायचा आणि पान तळहातावर उपडे करून वडा कढईच्या कडेने अलगद सोडायचा. त्याआधी तेलात वरीचा एक दाणा टाकून ती पाहत असे. दाणा लगेच तडतडत वर आला की तेल तापले. वड्याच्या कडा ती कधीही सारख्या करीत नसे. त्या फाटक्या कडांतून बाहेर डोकावणारे दाणे आधी तळले जात, लालसर आणि कडक होत, आणि काही तर सुटून तेलातच राहत. तो चुरा झाऱ्याने गोळा करून ती पितळीत काढी आणि आम्हा भावंडांची खरी भांडणे वड्यांवरून नव्हे, तर त्या चुऱ्यावरून होत. आजकाल हाच गोळा साच्यात घालून गुळगुळीत चकत्या करतात आणि त्यांना पॅटिस म्हणतात. खुशाल म्हणावे. मला त्यात खाण्यासारखे काही दिसत नाही.

बटाटा मुळात दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज पर्वतावरचा. पोर्तुगीजांबरोबर तो आपल्या पश्चिम किनाऱ्याला आला असे मानतात. पण उतरला आमच्या दारात आणि नांदायला गेला घाटावर. कंद धरायला त्याला थंड रात्री लागतात आणि त्या कोकणात कुठून आणायच्या? त्यामुळे आमच्या टोपलीतला बटाटा ट्रकमधून घाट उतरूनच येतो आणि पावसात दरड कोसळली की त्याचा भाव तासातासाला चढतो. वरी मात्र घरची. डोंगरउतारावरच्या वरकस जमिनीत, जिथे भाताचे पाणी ठरत नाही, तिथे नाचणी आणि वरी निघत असे, आणि वड्यात घाटावरचा पाहुणा व कोकणची माणसे अशी जोडी जमत असे.

‘असे’ म्हणायचे कारण पुडीवर छापलेले आहे. या खेपेची वरी नाशिककडची निघाली. संयुक्त राष्ट्रांनी २०२३ हे भरडधान्यांचे आंतरराष्ट्रीय वर्ष म्हणून साजरे केले, तेव्हा वरी आणि नाचणीच्या पुड्यांची नक्षी वाढली, किमतीही वाढल्या; उतारावर त्यांची पेरणी मात्र आमच्या बाजूला तरी परतलेली दिसली नाही. पेरणार तरी कोण? बारीक दाण्याचे टरफल काढायचे काम किचकट, रानडुकरे आणि माकडे वेगळीच, आणि मजुरी देऊन हाती येणार ती वर्षातून दोन-तीन एकादश्यांपुरती वरी. आमच्या वाट्याच्या वरकसात आता काजू उभे आहेत. त्यांचे बी चांगल्या भावाने जाते आणि ते तोडण्याचा माझा मुळीच विचार नाही.