सरांनी कापलेला रुमाल

स्मरणिकेसाठी 'शाळेविषयी काहीही लिहा' असं पत्र आलं, तेव्हा प्रार्थना, स्नेहसंमेलनं, निकालाचे दिवस असं बरंच काही मनात येऊन गेलं. लिहायला बसले तर विज्ञानाच्या सरांशिवाय दुसरं काही कागदावर उतरेना. बाकीच्या गुरुजनांनी राग मानू नये. त्यांच्याविषयी लिहिणारे पुष्कळ आहेत. सर म्हणजे कोण, हेही सांगायला नको. बाहीवर खडूची पूड आणि खिशात कात्री असलेले सर शाळेत एकच होते.

पाठ्यपुस्तकाने पॅराशूट दोन ओळींत आटोपलं होतं. सरांनी त्यावर अख्खा आठवडा घेतला. अभ्यासक्रम मागे पडला, वरपर्यंत तक्रार गेली, सरांवर काडीचा परिणाम झाला नाही.

सुरुवात लिओनार्दो दा विंचीपासून. 1485च्या सुमारास त्याने वहीत पिरॅमिडसारखा कापडी तंबू काढला होता आणि कापडाची छिद्रं बुजवायला सांगितलं होतं. आम्हाला वाटलं, लागला शोध! "चित्रातून पडून कुणाचं हाड मोडत नाही," सर म्हणाले. उडी मारली ती लुई-सेबास्तियाँ लेनॉर्माँने, 26 डिसेंबर 1783 रोजी, माँपेल्येच्या वेधशाळेच्या मनोऱ्यावरून. त्याच्या डोक्यात विमानं कुठली असणार? पेटलेल्या इमारतीतून माणसांना सुखरूप खाली उतरवायचं होतं.

पण सरांचा खरा जीव आंद्रे-जाक गार्नेराँवर. 22 ऑक्टोबर 1797 रोजी पॅरिसच्या मोंसो बागेतून तो हायड्रोजनच्या बलूनखाली टोपलीत बसून वर गेला, हजारेक मीटरवर दोर कापला आणि सात मीटर व्यासाच्या रेशमी छत्रीने खाली आला. जिवंत आला, पण टोपली इतकी हेलकावत होती की बघणाऱ्यांच्या पोटात गोळा आला. का हेलकावत होती?

वर्गात कुणाला सांगता येईना. सरांनी आम्हाला प्रयोगशाळेबाहेरच्या गॅलरीत नेलं, स्वतःचा इस्त्रीचा पांढरा रुमाल काढला, चार टोकांना दोरे बांधून खाली खोडरबर लटकवलं आणि सोडून दिलं. रुमाल फुगला आणि खोडरबर घड्याळाच्या लंबकासारखं झोके घेऊ लागलं. एका मुलाला खाली पिटाळून रुमाल वर आणवला. मग सरांनी तो दुमडून कात्रीने मधलं टोक कचकन कापलं. आम्ही 'अहो सर!' म्हणेपर्यंत रुमालाच्या मध्यावर बोटभर भोक पडलं होतं, कडेला दोन सुटे धागे. भोक पाडल्यावर तो धाडकन पडणार, अशी आमची खात्री. पण तो जवळजवळ सरळ, शहाण्यासारखा खाली गेला. छत्रीखाली कोंडलेली हवा आधी कधी या कडेने, कधी त्या कडेने निसटत होती आणि प्रत्येक वेळी रुमालाला ढकलत होती. आता तिला मधोमध हक्काची वाट मिळाली होती. पुढे खऱ्या पॅराशूटच्या माथ्यावरही असंच भोक आलं.

मागच्या बाकांवर मुली बसायच्या. आमच्याकडे बघून सर मुद्दाम सांगायचे, की 1799 मध्ये जान लाब्रोसही पॅराशूटने उतरली होती. हे ऐकून माझी मान किती ताठ झाली होती!

पडून मेलेल्यांबद्दल सर हळहळायचे आणि चिडायचेही. 1837 मध्ये लंडनला रॉबर्ट कॉकिंगने उलट्या शंकूच्या आकाराचं पॅराशूट वापरलं. आकाराची कल्पना टाकाऊ नव्हती, सांगाडा कच्चा आणि जड होता. तो मोडला आणि कॉकिंग गेला. 1912 मध्ये फ्रान्झ रायशेल्ट या शिंप्याने पुतळा टाकून बघतो म्हणून परवानगी घेतली आणि आयफेल मनोऱ्याच्या पहिल्या मजल्यावरून स्वतःच उडी टाकली. "पुतळा कशासाठी असतो?" सर आमच्यावरच ओरडले.

त्याच सुमारास रशियात ग्लेब कोतेल्निकोव्ह या नटाने डोळ्यांदेखत एका वैमानिकाचा मृत्यू पाहून पाठीवर बांधायचं घडीचं पॅराशूट बनवलं. त्यानंतर 28 एप्रिल 1919 रोजी अमेरिकेत लेस्ली अर्विनने विमानातून उडी घेतली आणि खाली पडता पडता स्वतःच्या हाताने दोरी ओढली. पडणारा माणूस शुद्धीवर राहणारच नाही, असं तोवर पुष्कळ जाणकार मानत होते. अर्विनचा घोटा मोडला, त्यांची समजूतही मोडली. सरांना हे वाक्य फार आवडायचं.

आज मी कापडाच्या चाचणी प्रयोगशाळेची प्रमुख आहे. नायलॉनमधून दिलेल्या दाबाला किती हवा झिरपते, हे मोजणं हे आमचं रोजचं काम. पॅराशूटच्या कापडाला तर हे फारच महत्त्वाचं. जास्त झिरपली तर माणूस वेगाने पडतो, अगदीच अडली तर उघडताना हिसका बसतो आणि छत्री डुलते. लिओनार्दो छिद्रं बुजवा म्हणाला. आम्ही ती मापाने ठेवतो. या खुर्चीवर मला कुणी बसवलं असं विचारलं, तर माझ्याकडे एकच उत्तर आहे. सर आता नाहीत, हे पद त्यांना सांगायचं राहून गेलं.

मध्यंतरी शाळेत डोकावले. फळ्याच्या जागी मोठा पडदा आलाय, त्यावर पॅराशूट अलगद उतरताना दिसतं, छान रंगीत. गॅलरीला मात्र जाळी ठोकून कुलूप घातलंय. सुरक्षेसाठी असेल, पण मला आवडलं नाही. समारंभाला येताना चाचणीतून उरलेलं नायलॉन, दोरे आणि कात्र्या घेऊन येते आहे. कुलपाची किल्ली कुणाकडे असते, तेवढं संयोजकांनी आधी कळवावं.