पंचमी ते दिवाळी

हुंडाबळीच्या खटल्यातले आरोपी सुटले आणि सरकारने अपील करायचं ठरवलं, की हायकोर्टाच्या खंडपीठात ते चालवायचं काम आम्हा सरकारी वकिलांकडे येतं. मुलीच्या माहेरच्यांना वाटतं, आता खटला पहिल्यापासून चालणार. तसं होत नाही. साक्षीदार परत बोलवत नाहीत, पेपरबुकात, म्हणजे खालच्या कोर्टाच्या कागदपत्रांच्या संचात, आहे तेवढाच पुरावा. शिवाय सुटलेल्या आरोपीच्या बाजूने दुहेरी गृहीतक: तो मुळात निर्दोष धरलेला, त्यावर सुटकेच्या निकालाचं शिक्कामोर्तब. पुराव्यातून दोन मतं निघत असतील तर खालच्या कोर्टाचं मत उलटवू नये, असं सुप्रीम कोर्टाने 'चंद्रप्पा' निकालात २००७ साली सांगितलंय. आरोपीचे वकील उभे राहिले की आधी तेच वाचतात.

हे अपील मराठवाड्यातल्या एका खेड्यातलं. लग्नाला चौथं वर्ष चालू असताना मुलगी शेतातल्या विहिरीत सापडली. सत्र न्यायालयाने नवरा आणि सासूला सोडलं होतं, कारणं दोन. एक, पाणी शेंदताना पाय घसरला असणं शक्य आहे. दोन, मागितलेले पैसे शेतातल्या पाइपलाइनसाठी होते, म्हणजे तो हुंडा नाही.

दुसऱ्या कारणाला आधार होता 'अप्पासाहेब विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या निकालाचा. तोही २००७ चाच. घरखर्चासाठी किंवा खत घ्यायला पैसे मागणं म्हणजे हुंडा मागणं नव्हे, असं त्यात म्हटलं होतं. पुढे २०१५ मध्ये 'राजिंदर सिंग' प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हा कायदा बरोबर नाही असं स्पष्ट केलं. आमचं अपील तोवर यादीत पडूनच होतं. मग प्रश्न असा, की निकाल देताना जो कायदा होता तो पाळणाऱ्या न्यायाधीशाचा निकाल चुकीचा कसा म्हणायचा? मी याच मुद्द्याची तयारी करून गेलो होतो. पण पीठाने तो पाच मिनिटांत संपवला. सुप्रीम कोर्ट कायदा नवा करत नाही, आधीपासून काय होता ते सांगतं, तेव्हा पाइपलाइनचे पैसे हुंड्यात धरू, पुढे चला.

मग विहीर. मी घटनास्थळ पंचनामा वाचायला घेतला. विहिरीवर विजेची मोटर, पाइप थेट हौदापर्यंत गेलेला, कठडा मांडीइतका उंच. "मोटर असताना शेंदायचं कशाला?" ज्येष्ठ न्यायमूर्तींनी विचारलं. आरोपीचे वकील खेड्यातलेच, तयारीचे. "माय लॉर्ड, लोडशेडिंगमध्ये शेंदावंच लागतं." पीठावर हसू उमटलं. मी म्हटलं, "मान्य. पण मग पोहरा कुठाय? दोर कुठाय?" पंचनाम्यात विहिरीकाठच्या चपलांची नोंद होती, काठावरच्या बाभळीचीही होती. पोहरा नाही, दोर नाही, पाण्यातूनही काढलेला नाही. दोन्ही न्यायमूर्तींनी ते पान उघडून स्वतः वाचलं. खालच्या निकालात याबद्दल एक ओळही नव्हती. अपघाताचा बचाव तिथेच गेला आणि मला वाटलं, जिंकलो.

"शेवटची मागणी कधीची?" पीठाने विचारलं.

जुन्या दंड संहितेच्या (ती २०२४ मध्ये बदलली) ३०४-ब, म्हणजे हुंडाबळीच्या कलमात सगळं इथे येऊन अडतं. मृत्यू लग्नापासून सात वर्षांच्या आत आणि अनैसर्गिक, एवढ्याने भागत नाही. मृत्यूच्या 'काही काळ आधी' हुंड्यासाठी छळ झाल्याचं आधी आपण दाखवायचं, तेव्हा कुठे जुन्या पुरावा कायद्याच्या ११३-ब चं, म्हणजे मृत्यूला आरोपीच कारणीभूत असल्याचं, गृहीतक त्याच्यावर येतं. हा काळ दिवसांत मोजत नाहीत. छळ आणि मृत्यू यांच्यात जिवंत धागा हवा, असं सुप्रीम कोर्टाने वारंवार सांगितलंय. बापाची साक्ष पंचमीची होती: मुलगी सणाला आली, रडली, पैशाचं सांगितलं. मृत्यू दिवाळीच्या तोंडावर. मधल्या काळात नवरा दसऱ्याला तिला घेऊन माहेरी येऊन गेलेला, हे बापानेच उलटतपासात कबूल केलं होतं.

मधली फट भरणारी एकच साक्ष होती, आईची. वसुबारसेच्या आदल्या दिवशी शेजाऱ्याच्या फोनवर मुलगी म्हणाली, पैसे आल्याशिवाय दिवाळीला पाठवत नाही म्हणतात. पण पोलिसांपुढच्या जबाबात हा फोन नव्हता. तपासी अंमलदाराने उलटतपासात सांगून टाकलं, "असे त्यांनी मला सांगितले नाही." ओमिशन सिद्ध, म्हणजे जबाबात नसलेली गोष्ट कोर्टात पहिल्यांदाच सांगितली असं ठरलं. शेजाऱ्याचा जबाबच घेतलेला नव्हता. फाइलमधले माहेरच्यांचे चारही जबाब मी ओळीने लावून पाहिले होते. 'शारीरिक व मानसीक छळ करून' हे वाक्य चारींत जसंच्या तसं, 'मानसीक' सगळीकडे दीर्घ. अंत्यविधीहून आलेल्या बाईला कुणी नेमका प्रश्न विचारला असेल असं मला वाटत नाही. पण हे वाटणं पीठापुढे पुरावा म्हणून ठेवता येत नाही.

जेवणाच्या सुट्टीनंतर भर कोर्टात निकाल सांगितला. ३०४-ब खाली दोन मतं शक्य आहेत, सुटका कायम. सासूची पूर्ण सुटका कायम. नवऱ्याला ४९८-अ, म्हणजे विवाहितेच्या छळाच्या कलमाखाली दोषी धरून, शिक्षेवर त्याचं म्हणणं ऐकून दोन वर्षं, शरण यायला सहा आठवडे. बाप मागच्या बाकावर होता. व्हरांड्यात त्याने मला गाठलं. "साहेब, हे हरलो का जिंकलो आपण?"

"अर्धं, काका. छळ मान्य झाला. हुंडाबळी नाही."

"मंग वर जाता येतंय का?"

सरकारला जाता येतं, पण आधी विभागाकडे अभिप्राय पाठवावा लागतो, आणि तो लिहायचा मलाच. आठवड्याभराने लिहिला. सासूबाबत शिफारस केली नाही, तिच्याविरुद्ध बापाच्या तोंडचं एकच मोघम वाक्य आहे. नवऱ्याबाबत केली. मागणी मान्य, छळ मान्य, अपघात नाही हेही मान्य, मग तीन महिन्यांत धागा तुटला तो फक्त दसऱ्याच्या एका फेरीने, हे वरच्या कोर्टाने एकदा तपासावं. सोबत पंचनाम्याचं ते पान आणि आईची साक्ष जोडली.