मार्गरित ओदू

आज सगळी कामं बाजूला टाकून मार्गरित ओदू या फ्रेंच लेखिकेची 'मारी-क्लेर' ही कादंबरी वाचून काढली. पहिल्याच पानावर छोट्या मारी-क्लेरच्या घरात माणसांची रीघ लागते. पुरुष देवळात शिरावं तसे आत येतात, बायका क्रूसाची खूण करत बाहेर पडतात. आई गेलीय, हे त्या पोरीला उमगत नाही. कुठे रडारड नाही, हेच मला भारी वाटलं.

हे बरंचसं मार्गरित ओदूचंच आयुष्य. फ्रान्समधल्या बूर्ज शहरातला अनाथाश्रम, मग सोलोन्य या ग्रामीण भागात मेंढ्या राखणं, पुढे पॅरिसमध्ये शिवणकाम. डोळे अधू होत गेले, तरी ही बाई लिहीत राहिली. १९१०मध्ये फ्रेंच लेखक ओक्ताव्ह मिर्बोच्या प्रस्तावनेसह कादंबरी आली, त्याच वर्षी फेमिना हा फ्रेंच साहित्य पुरस्कारही मिळाला. १९३७मध्ये ती गेली. आपल्याकडे फ्रेंच साहित्यावर एवढं बोलतात, हिचं नाव मात्र कुणी घेत नाही!